माघारीचा दिवस

तीन वाजायच्या आत कर्जतला जाऊन निकितानं आपला अर्ज मागे घ्यायचा, एवढंच त्या दिवसाचं काम होतं. बन्सीतात्यांनी ते आठवडाभर आधीच ठरवून टाकलं होतं. पिंपळदऱ्याचं सरपंचपद या खेपेला बाईसाठी राखीव निघालं, तसे गांगर्ड्यांच्या घरातून दोन अर्ज गेले. नणंद रुपालीचा खरा, भावजय निकिताचा डमी. छाननीत खऱ्या अर्जाचं काही बिनसलं तर हाताशी दुसरा असावा म्हणून. छाननी झाली, दोन्ही अर्ज टिकले. आता डमीचं काम संपलं होतं.

सकाळी नऊलाच तात्या येऊन ओट्यावर बसले. रुपालीचे हे सख्खे चुलते. पंधरा वर्षांपूर्वी ग्रामपंचायतीला उभे राहिले आणि अकरा मतांनी पडले. तेव्हापासून वरच्या आळीवाल्यांच्या हातून ग्रामपंचायत काढून घ्यायची, एवढ्यासाठीच हे जगतात, असं त्यांची बायको चारचौघांत म्हणायची.

"आक्का, तुझं नाव म्हंजी काय चीज हाय ते तुला ठावं न्हाई," ते रुपालीला म्हणाले. "वरच्या आळीतली पोरंसुदिक तुझ्यासंगं फोटू काढाया येत्यात. त्यांच्या आया मत कुनाला देतील?"

रुपाली ओट्याच्या कडेला पाय लांब करून बसली होती. उजव्या गुडघ्याखाली टॉवेलची घडी ठेवून ती पाय उचलायची, दहापर्यंत मोजायची आणि खाली ठेवायची. ऑपरेशननंतर डॉक्टरांनी सांगितलेला हा व्यायाम ती एक दिवस चुकवत नसे. सहा फूट एक इंच उंची. बसलेली असली तरी समोरच्याला ती बसली आहे असं पटकन वाटायचं नाही.

"फोटोला उभं राहणं आणि सरपंच होणं एकच का, तात्या?"

"निवडून येईस्तवर एकच असतंय."

आतून चांगुणाबाई चहा घेऊन आल्या. दिराला कप दिला, लेकीपुढे ठेवला आणि तिथंच खांबाला टेकून उभ्या राहिल्या. या निवडणुकीचा सगळ्यात जास्त ध्यास कुणाला लागला होता, तर चांगुणाबाईंना. त्यांना ग्रामपंचायतीतलं काही कळत नव्हतं आणि कळून घ्यायचंही नव्हतं.

रुपाली सातवीत असताना मिरजगावच्या शाळेतल्या गिदोन सरांनी तिला भिंतीला उभं करून मोजलं आणि दुसऱ्या दिवशी सायकल मारत घरी आले. "कानिफनाथराव, ही पोर मला खेळायला द्या," म्हणाले. बास्केटबॉल म्हणजे काय, ते तिच्या वडलांना माहीत नव्हतं. कडी दहा फुटांवर पाहिजे, एवढं मात्र त्यांनी ध्यानात ठेवलं. मोडक्या बैलगाडीच्या चाकाची लोखंडी धाव त्यांनी मिरजगावला नेली, सरांनी दिलेल्या मापानं कापून वेल्डिंग करून आणली आणि गोठ्यापुढं खांब रोवून त्याला ठोकली. अख्खं गाव बघायला आलं आणि हसून गेलं. विहिरीवर बाया चांगुणाबाईंना म्हणायच्या, "बाई, लेक वाढवतीस का शिडी? नवरा कुठनं आननार हिला?" चांगुणाबाई वरवर हसायच्या आणि घरी येऊन चुलीपुढं रडायच्या.

पोर पुण्याला खेळाच्या वसतिगृहात गेली. एकोणिसाव्या वर्षी रेल्वेत लागली. रेल्वेच्या संघातून देशाच्या संघात गेली, चार वर्षं त्याची कप्तान होती. दोन हंगाम थायलंडच्या एका क्लबानं तिला पगार देऊन खेळायला नेलं. यातलं काहीसुद्धा पिंपळदऱ्यानं डोळ्यांनी बघितलं नव्हतं. क्रिकेट असतं तर टीव्हीवर तरी दिसलं असतं. त्या विहिरीवरच्या बायांसमोर लेकीनं एकदा खुर्चीत बसावं, एवढंच चांगुणाबाईंचं मागणं होतं.

"तात्या बराबर बोलत्यात," त्या म्हणाल्या. "तू बस त्या खुर्चीत. मला बघू दी."

"आणि निकिता?" रुपालीनं विचारलं.

"तिचं काय? ती सही करून येतीया," तात्या म्हणाले आणि दाराकडं वळून ओरडले, "सूनबाई, आधार कार्ड घेतलं न्हवं?"

"घेतलंय, तात्या," आतून आवाज आला.

निकिता उंबऱ्याच्या आत उभी होती. हातात पिशवी, पिशवीत आधार कार्ड. अर्ज भरायच्या दिवशी ती लग्नातली जांभळी पैठणी नेसून गेली होती. आज साधी सुती साडी. परत येताना ज्वारी दळून आणायची म्हणून तिनं दळणाचा डबाही गाडीत ठेवला होता.

ती या घरात आली त्याला अकरा वर्षं झाली. त्यातली आठ ती बचत गटांचं काम करत होती. पिंपळदऱ्यातली अशी एक चूल नव्हती, जिच्यापुढं ती बसली नव्हती. कुणाचं रेशन कार्ड फाटलंय, कुणाच्या निराधारच्या पेन्शनीचे कागद तहसीलला अडकलेत, ओढ्याला पाणी आलं की पलीकडच्या वस्तीवरच्या किती पोरी शाळा बुडवतात, हे तिला तोंडपाठ होतं. सरपंचपद बाईला निघालं तेव्हा तिच्या मनात एक दिवस, फक्त एक दिवस, आलं होतं. संध्याकाळी तात्या आले आणि "आक्काला हुभी करायची" म्हणाले. नवरा "लई भारी" म्हणाला. सासूच्या डोळ्यांत पाणी आलं. निकितानं सगळ्यांना चहा केला.

तिला आक्काचा राग येत नव्हता. हीच तर अडचण होती. लग्नात मांडवाच्या दारात तिनं नणंदेला पहिल्यांदा पाहिलं, तेव्हा एवढी उंच बाई इतकी ताठ चालते, हे बघूनच तिला धीर आला होता. पुढं सासरे अंथरुणाला खिळले आणि रुपाली रेल्वेची नोकरी सोडून घरी आली. वर्षभर बापाला उचलून बसवणं, अंघोळ घालणं हिनंच केलं. गुडघा दुखायचा, पण बाप गेला त्या दिवसापर्यंत ती तक्रारीचा एक शब्द बोलली नाही. अशा बाईवर रागवायचं कसं?

गेले तीन दिवस दोघी मिळून गावात फिरल्या होत्या. रुपाली पुढं, निकिता मागं. लोक रुपालीशेजारी उभं राहून उंची मोजायचे, फोटो काढायचे, आणि मग विचारायचे, "आमच्या घरकुलाचा हप्ता का आला न्हाई?" रुपाली मागं वळून बघायची. निकिता सांगायची. दुसरं घर, तिसरं घर, तसंच. काल शेवटच्या घरातून निघताना रुपाली एकटीच मागं राहून चालली होती.

*

गाडी निकिताचा नवरा गोरक्ष चालवत होता. आक्काचे पाय मागं मावत नाहीत, म्हणून ती पुढं. तात्या आणि निकिता मागं. मिरजगावचा बाजार ओलांडून गाडी कर्जतच्या रस्त्याला लागली, तसे तात्या पॅनेलच्या गोष्टी सांगू लागले. गोरक्ष हूं हूं करत होता.

तो रुपालीहून दोन वर्षांनी लहान. घरातली सगळी उंची आक्कानं नेली, आपल्या वाट्याला गुरं आली, असं तो पूर्वी थट्टेत म्हणायचा, आणि ती निव्वळ थट्टा नव्हती. ती कडी वडलांनी आक्कासाठी ठोकली होती. तोही तिच्यात चेंडू टाकायचा, पण त्याला भिंतीला उभं करून कुणी मोजलं नाही. तो शेतात राहिला.

हे सगळं भावनगरला बदललं. दोन वर्षांपूर्वी राष्ट्रीय स्पर्धेची फायनल होती, आक्काची शेवटची. वडील तेव्हा नुकतेच आजारी पडलेले. ते म्हणाले, "तू जा. बघ. मला येऊन सांग." घरातल्या कुणीही तोवर तिला मोठ्या मैदानावर खेळताना पाहिलं नव्हतं. गोरक्ष रेल्वेनं गेला, हॉलमधे वरच्या पायरीवर बसला. पस्तिशीची त्याची बहीण वीस-बावीसच्या पोरींमधे पळत होती. गुडघ्याला पट्ट्या गुंडाळलेल्या. तिसऱ्या डावात तिला एवढी जोरात धडक बसली की तिचं डोकं फरशीवर आपटल्याचा आवाज वरपर्यंत आला. गोरक्ष उठून उभा राहिला. ती उठली, हातानंच "काही नाही" म्हणाली आणि पुढच्याच चेंडूला पुन्हा त्याच पोरीच्या अंगावर गेली. संघ तीन गुणांनी हरला. बाकीच्या पोरी खाली बसून रडत होत्या. आक्का एकेकीला हाताला धरून उठवत होती. सगळ्यांना आत पाठवलं आणि मग ती एकटी कठड्याला धरून, एकेक पायरी मोजत त्यांच्या मागं आतला जिना चढली.

घरी येऊन त्यानं वडलांना सगळं सांगितलं. ते दोनदा ऐकून घेतलं त्यांनी. त्या दिवसापासून गोरक्षच्या मनात तिच्याबद्दल एवढासाही सल उरला नव्हता. म्हणून तर तात्यांनी तिचं नाव काढलं तेव्हा तो लगेच "लई भारी" म्हणाला. बायकोचं मन त्यानं विचारलंच नव्हतं, हे त्याला आज, आरशात तिचा चेहरा दिसला तेव्हा पहिल्यांदा जाणवलं. ती खिडकीबाहेर बघत होती. तात्या तिच्या शेजारी बसून तिच्याच गावातल्या मतांचा हिशोब चुकीचा सांगत होते, आणि ती दुरुस्त करत नव्हती.

*

तहसीलच्या आवारात ही गर्दी. गावोगावच्या गाड्या, गुलाल आधीच खिशात घेऊन आलेली पोरं, झाडाखाली मनधरणी करणारे पुढारी. तात्या गोरक्षला घेऊन ओळखीच्या वकिलाला शोधायला गेले. "सूनबाई, तू हितंच बस. आलोच," म्हणाले. अडीच वाजले होते.

रुपाली आणि निकिता लिंबाच्या पारावर बसल्या. निकिताच्या हातात माघारीचा कोरा कागद होता.

"निकिता, एक विचारू? खरं सांगशील?"

"विचारा की, आक्का."

"तुला सरपंच व्हायचंय का?"

"काहीतरीच. तुमच्या म्होरं मी कुठं—"

"माझ्या पुढं-मागं सोड. तुला व्हायचंय का?"

निकितानं कागदाची घडी घातली, उलगडली, पुन्हा घातली. मग एकदम बोलली. आवाज चढला होता आणि तो चढलाय हे तिला कळत होतं.

"व्हायचंय. लई व्हायचंय. आठ वर्षं मी दुसऱ्याच्या सहीसाठी त्या ग्रामपंचायतीच्या दारात बसती, आक्का. ओढ्यावर पूल पाहिजे म्हणून चार ठराव मी लिहून दिले. एक वाचला न्हाई कुणी. पण घरात कुणी मला विचारलं का? तुमच्या भावानं विचारलं? आत्याबाईंनी विचारलं? तुमी विचारलं?"

"नाही," रुपाली म्हणाली. "मी पण नाही."

आवारात कुणाच्या तरी नावाचा जयजयकार झाला. रुपालीनं तिकडं मान वळवून बघितलं.

"मलाही व्हायचंय," ती म्हणाली. "खोटं कशाला बोलू? खेळणं सुटल्यापासून मला माझं नाव ऐकू येत नव्हतं बघ. वीस वर्षं रोज कुणीतरी लांबून हाक मारायचं. रुपाली, इकडं. रुपाली, मागं. एक दिवस सगळं बंद. ऑफिसात टेबलापुढं बसवलं, तिथं मी गांगर्डे मॅडम. वडील आजारी पडले, त्यांचं करण्यात वर्ष गेलं. ते गेल्यावर सकाळी उठायचं कशाला, तेच कळेना. हे तीन दिवस लोक दारात येऊन नाव घेतात, तर बरं वाटतं. एवढ्यासाठीच मला ती खुर्ची पाहिजे होती. दुसरं काही कारण मला सापडत नाही."

"तुमी शिकाल की. मी हाय संगं."

"म्हणजे काम तू करायचं, आणि हार मी घालायचे. पूर्वी बायकांच्या मागं नवरे सरपंच असायचे. आता नणंदेच्या मागं भावजय." रुपाली पाराला हात टेकून उठली. गुडघा सरळ व्हायला तिला नेहमीसारखा क्षणभर वेळ लागला. "आण तो कागद."

"आक्का, असं करू नका. तात्या मला घरात राहू देनार न्हाईत."

"घर तात्यांचं नाही. आण."

निकितानं कागद धरून ठेवला. तिला तो द्यायचा होता आणि द्यायचा नव्हताही. रुपालीनं ओढला नाही. हात पुढं करून ती उभी राहिली. शेवटी निकिताचीच बोटं सुटली.

आतल्या कारकुनानं मान वर केली, आणखी वर केली. "मॅडम, तुमचा अर्ज तर मुख्य आहे ना? दुसऱ्या ताईंचा मागे घ्यायचा असेल."

"माझाच घ्यायचाय."

"विचार करून सही करा. परत भरता येत नाही."

"माहीत आहे," ती म्हणाली. खेळाडू म्हणून तिनं हजारो सह्या केल्या होत्या. ही सही तिनं सावकाश, पूर्ण नाव लिहून केली. रुपाली कानिफनाथ गांगर्डे. बाहेर येताना तिचे डोळे भरून आले होते. ते तिनं व्हरांड्यातल्या नळावर तोंड धुऊन लपवले, आणि मग पायऱ्या उतरली.

पायऱ्यांखाली तात्या उभे होते.

"सूनबाई म्हनती तिनं सही न्हाई केली. पावनेतीन झाले, आक्का! हिला सांग काय ते."

"तिची सही नकोय तात्या. मी माझा मागं घेतला."

तात्यांना आधी ते समजलंच नाही. समजलं तेव्हा त्यांनी टोपी काढून हातात घेतली.

"आगं, काय केलंस हे? पंधरा वर्सं मी वाट बघतोय! पंधरा वर्सं! तुझ्या नावावर ह्या खेपेला गुलाल उधळायचा हुता. आता हिला कोन मत देनार? कोन वळखतं हिला?"

"पिंपळदऱ्यात?" रुपाली म्हणाली. "सगळे ओळखतात. आपण घरातली चौघंच ओळखत नव्हतो."

"पडली म्हंजी?"

"पडली तर पडली. मी पण लई वेळा हरलेय."

तात्या गोरक्षकडं वळले. "तू तरी बोल! तुझ्या बहिनीला आन बायकूला येड लागलंय."

गोरक्षनं बहिणीकडं बघितलं, मग बायकोकडं. निकिता मान खाली घालून उभी होती. आजवर त्यानं तात्यांना कधी उलट उत्तर दिलं नव्हतं.

"तात्या," तो म्हणाला, "उमेदवार आता निकिता हाय. तुमी आमच्या संगं फिरलात तर लई बरं हुईल. न्हाई फिरलात तर आमी फिरू."

तात्या गाडीत बसले नाहीत. स्टँडवर जाऊन एसटीनं घरी गेले.

*

चांगुणाबाईंना फोनवर कुणीतरी आधीच सांगितलं होतं. तिघं घरी आली तेव्हा दिवस मावळायला आला होता, आणि त्या भाकरी थापत होत्या. कुणाकडं बघितलं नाही. निकिता पिठाचा डबा ठेवून पाया पडायला वाकली. त्यांनी "ऱ्हाऊ दी" म्हणून हात बाजूला केला. निकिता उठून परसात गेली.

रुपाली स्वयंपाकघरात स्टूल ओढून बसली. तिला मांडी घालता येत नव्हती.

"बोल की आई. शिव्या दे."

"माझ्या डोळ्यांनी बघायचं हुतं तुला," चांगुणाबाई तव्याकडं बघत म्हणाल्या. "गावानं बघायचं हुतं. तुला काय ठावं त्या बाया काय काय बोलल्यात मला."

"ठावं आहे. मी लहान होते, बहिरी नव्हते."

चांगुणाबाईंचा हात थांबला.

"आई, मी खेळायचे तेव्हा मला माझं काम येत होतं. म्हणून लोक टाळ्या वाजवायचे. इथं मला काही येत नाही. हिला येतं. मी त्या खुर्चीत बसले असते, तर तू एक दिवस बघून खूश झाली असतीस. दुसऱ्या दिवशी कुणीतरी कागद घेऊन आलं असतं, आणि मी तोंडाकडं बघत बसले असते. ते बघवलं असतं तुला?"

तव्यावरची भाकरी करपली. चांगुणाबाईंनी ती उचलून बाजूला टाकली.

"मग आता करनार काय तू? नुसतं पाय उचलून आकडे मोजीत बसनार?"

"गिदोन सर वर्षभर निरोप पाठवतायत. निवृत्त झाले तरी शाळेच्या मैदानावर पोरींना खेळवतात. मीच टाळत होते. तिथं जाऊन नुसतं उभं राहायचं, या विचारानंच नको वाटायचं." ती थांबली. "निवडणूक झाली की जाणार आहे. तूही ये. तू एकदाही मला बघितलं नाहीस. आता पळता येत नाही, पण चेंडू टाकता येतो अजून."

चांगुणाबाईंनी दुसरी भाकरी थापायला घेतली. थोड्या वेळानं म्हणाल्या, "तिला आत बोलव. जेवली न्हाई ती सकाळधरनं."

*

निवडणुकीचा निकाल बारा दिवसांनी लागला. निकिता त्रेचाळीस मतांनी निवडून आली, आणि त्या दिवशी सगळ्यात जास्त गुलाल बन्सीतात्यांच्या अंगावर होता. पण माघारीच्या दुसऱ्या दिवशी सकाळी प्रचाराला निघताना यातलं काही कुणाला माहीत नव्हतं. तात्या आले नव्हते. कपबशी हे चिन्ह मिळालं होतं, पत्रकं अजून छापून यायची होती. गोरक्ष, रुपाली आणि निकिता अशी तिघंच निघाली.

वेशीपर्यंत पोहोचली, तर मागून चांगुणाबाई येताना दिसल्या. डोक्यावरून पदर, पायात नव्या चपला. त्या रुपालीच्या बरोबरीनं चालू लागल्या.

पहिलं घर बायडाबाईचं. म्हातारी दारात शेंगा निवडत बसली होती. रुपालीला बघून तिनं डोळ्यांवर हात धरला आणि मान वर केली.

"ये गं बाई! कालपासनं ऐकतीया, तू नाव काढून घेतलंस म्हनं? आमी सगळ्यांनी ठरवलं हुतं की तुला मत द्यायचं. आता कुनाला द्यायचं?"

रुपालीनं तोंड उघडलं. निकिताही एक पाऊल पुढं झाली. पण त्या दोघींच्या आधी चांगुणाबाई बोलल्या.

"ही माझी सून हाय, निकिता," त्या म्हणाल्या आणि तिला दंडाला धरून म्हातारीसमोर नेलं. "सरपंचाला ही हुभी हाय. काय इचारायचं ते हिला इचार."

बायडाबाईनं मांडीवरचं सूप खाली ठेवलं. "बस बाई," ती निकिताला म्हणाली. "माजं लई इचारायचं हाय."